एकदाच पाहायचा मणी

अण्णांनी रचलेल्या गोष्टीत एक मणी होता. बोराएवढा, आरपार दिसणारा, आणि आत एक क्षण कोंडलेला. कुठल्याशा जोग्यानं तो एका विधवेला दिलेला असतो. तिचा गेलेला नवरा त्या क्षणात आहे. पण अट अशी की मणी उजेडात धरून एकदाच पाहायचं. पाहून झालं की आतलं सगळं विरणार आणि हातात नुसती काच राहणार. मग त्या बाईनं काय केलं, हे मात्र अण्णांचं दर वेळी बदलायचं. कधी ती त्याच रात्री कंदिलापुढे मणी धरायची. कधी तो कणगीत ज्वारीखाली लपवून ठेवायची आणि तशीच म्हातारी व्हायची. एकदा तर तिनं तो घोडनदीत भिरकावून दिला. मला कुठलाच शेवट पटायचा नाही. "अण्णा, खरं काय झालं ते सांगा ना," म्हटलं की ते म्हणायचे, "आधी पाणी बदल."

पाणी म्हणजे प्रिंट धुवायचं पाणी. अण्णांचा शिरूरला फोटो स्टुडिओ होता, आणि ही गोष्ट सांगितली जायची ती फक्त डार्करूममध्ये, लाइट गेली की. एन्लार्जर बंद, लाल दिवा बंद, पेपरचं पाकीट उघडं, त्यामुळे दारही उघडता येत नसे. लाइट येईपर्यंत आम्ही दोघं मिट्ट काळोखात नळाचा आवाज ऐकत बसायचो.

स्टुडिओच्या मागच्या अंगाला, जिन्याखालच्या जागेत ही खोली होती. दाराला आतून काळा पडदा, फटींना काळा कागद. टेबलावर तीन ट्रे मांडलेले: डेव्हलपर, मग ॲसिटिक ॲसिडचं पाणी, मग हायपो. डेव्हलपरनं अण्णांच्या उजव्या हाताची नखं कायमची तपकिरी झाली होती. ते जेवायला बसले की आई काही बोलायची नाही, साबणाची वडी तेवढी ताटाशेजारी ठेवायची.

कोऱ्या कागदावर माणूस हळूहळू उमटू लागतो त्याचं पुष्कळांनी कौतुक केलंय. मला त्याच्या आधीची वेळ जास्त आवडायची. एन्लार्जरखाली कागदावर उजेड पडून गेलेला असायचा, चित्र त्यात उतरलेलं असायचं आणि तरी कागद पांढरा स्वच्छ. अण्णा तो क्षणभर दिव्याखाली धरायचे आणि म्हणायचे, "आहे आत."

आत काय असतं, ते कॉलेजात गेल्यावर कळलं. आता अकरावी-बारावीच्या मुलांना मीच ते शिकवते. फिल्मवर आणि कागदावर जिलेटिनचा थर असतो, जनावरांच्या हाडा-कातड्यापासून काढलेल्या जिलेटिनचा. त्यात सिल्व्हर ब्रोमाइडचे स्फटिक पसरलेले असतात, एकेक साधारण मिलिमीटरच्या हजाराव्या भागाएवढा. प्रकाश पडला की स्फटिकातला एखादा इलेक्ट्रॉन सुटतो आणि रचनेत जिथं कुठं खोट असेल तिथं जाऊन अडकतो. मग चांदीचा एक आयन त्याच्याकडे ओढला जातो आणि चांदीचा अणू होतो. असे चारेक अणू एका ठिकाणी जमले की काम झालं. अब्जावधी आयनांच्या स्फटिकात चार अणू म्हणजे काहीच नाही. पण डेव्हलपर तेवढ्या खुणेवरून तो अख्खा स्फटिक चांदीत बदलून टाकतो. ज्याच्यावर ही खूण नाही, त्याला तो सोडून देतो. गर्नी आणि मॉट या दोघा शास्त्रज्ञांनी 1938 साली याची संगती लावली. उटीच्या हिंदुस्थान फोटो फिल्म्सची 'इंदू' फिल्म अण्णा वर्षानुवर्षं वापरत होते. त्यांना हे काही ठाऊक नव्हतं, आणि ठाऊक नसल्यानं त्यांचं काही अडलंही नाही.

हे चार अणू वाट किती पाहतात? 1897 मध्ये आंद्रे, स्ट्रिंडबर्ग आणि फ्रेंकेल हे तिघे स्वीडिश हायड्रोजनच्या फुग्यातून उत्तर ध्रुवाकडे निघाले. फुगा बर्फावर उतरला, चालत परतायच्या खटपटीत तिघंही गेले. त्यांचे अवशेष सापडले ते 1930 मध्ये, एका निर्मनुष्य बेटावर, आणि त्यांच्या सामानात उजेड खाऊन बसलेली, पण न धुतलेली फिल्म होती. जॉन हर्ट्झबर्ग नावाच्या तंत्रज्ञानं ती धुतली आणि 33 वर्षांनी 90 हून अधिक फोटो निघाले. त्यातल्या एकात बर्फावर कलंडलेला फुगा आहे आणि त्याच्याकडे पाहत उभी दोन माणसं. तिसरा कॅमेऱ्यामागे. हा फोटो मी अण्णांना पुस्तकात दाखवला होता. त्यांनी बराच वेळ पाहिला आणि म्हणाले, "एक्स्पोजर बरोबर दिलंय पोरानं."

अण्णांच्या धंद्यात लग्नांचा आणि पासपोर्ट फोटोंचा जेवढा वाटा, तेवढाच मरणाचा. गावात किंवा आसपासच्या वाड्या-वस्त्यांवर कुणी गेलं की तीन-चार दिवसांत मुलगा किंवा जावई दुकानात यायचा. पिशवीतून कुणाच्या तरी लग्नातला ग्रुप फोटो काढायचा आणि गर्दीतल्या एकावर बोट ठेवायचा. "हे आमचे वडील. दहाव्याला मोठा करून पाहिजे." जन्मभरात एकट्याचा फोटो कधी निघालाच नाही, अशी माणसं तेव्हा घरोघर होती. अण्णा त्या फोटोचा फोटो काढायचे, तेवढाच चेहरा एन्लार्ज करायचे आणि मग ब्रश-पेन्सिल घेऊन टचिंगला बसायचे. मागच्याचा फेटा पुसायचा, शेजारणीचा पदर पुसायचा, कान अर्धा झाकलेला असेल तर दुसऱ्या कानावरून तो पुरा करायचा.

सगळ्यात चिवट असायचा खांद्यावरचा हात. ग्रुप फोटोत मागे उभा असलेला कुणीतरी पुढच्याच्या खांद्यावर हात ठेवतोच. माणूस गर्दीतून सोडवला तरी ती चार बोटं खांद्यावर राहायची. अण्णा डोळ्याला भिंग लावून ती सदऱ्याच्या रंगात बुडवून टाकायचे. एकदा एक म्हातारी फोटो न्यायला आली, पाहून गप्प झाली आणि म्हणाली, "इथं दिराचा हात होता." अण्णांनी तो फोटो पुन्हा केला, बोटांसकट, वर पैसे घेतले नाहीत. त्यानंतर ते प्रत्येकाला विचारायचे, "हात ठेवू का काढू?" बहुतेक लोक काढा म्हणायचे.

दर काही दिवसांनी एक माणूस कॅन घेऊन वापरलेला हायपो विकत घ्यायला यायचा. जे स्फटिक प्रकाशाला भेटलेच नाहीत, ते हायपोत विरघळून जातात. म्हणून तर फोटो टिकतो, नाहीतर उरलेला कागदही हळूहळू काळा पडला असता. ती विरघळलेली चांदी हे लोक त्या पाण्यातून परत काढत. निगेटिव्हवर उजेड पडत नाही तो समोरच्या काळ्या गोष्टींच्या जागी. म्हणजे त्या कॅनमधून जात होती ती आमच्या गावातल्या माणसांच्या काळ्या केसांची, वरातीतल्या काळ्या कोटांची, बायकांच्या चंद्रकळांची चांदी. तिचं पुढं काय होतं, असं मी विचारलं तेव्हा अण्णा म्हणाले, "पैंजण होत असतील कुणाचे तरी." एवढं बोलून ते रेट वाढवून मागायला लागले.

कारण अण्णा चिक्कू होते. पेपरच्या कापलेल्या कडा ते टेस्ट स्ट्रिपसाठी जपून ठेवायचे आणि मी एखादी वाया घालवली तर दिवसभर सुनवायचे. गिऱ्हाइकाला कधी हसा म्हणाले नाहीत. "हनुवटी खाली. अजून खाली. आता हलू नका." लहान मुलं रडायची, मोठी माणसं घामेजायची. आईशी भांडण झालं की ते डार्करूममध्ये जाऊन बसत, आणि तिला आत जाता येत नसे, कारण आत पेपर उघडा असणार. तो दर वेळी खरंच उघडा असेल असं मला वाटत नाही.

ते गेल्यावर जो तो त्यांच्या चांगुलपणाचं बोलत होता आणि ते ऐकताना मला अण्णा कुठंच सापडेनात. सापडायचे ते या चिक्कूपणात, त्या हनुवटीत, त्या बंद दारात. वर्गात मी सांगते की सगळ्या रांगा जिथल्या तिथं, एकही अणू जागचा हललेला नाही, असा स्फटिक असता तर त्यात इलेक्ट्रॉन अडकायला जागाच मिळाली नसती. त्याच्यावर उजेड पडला असता आणि खूण न ठेवता निघून गेला असता. हे वाक्य मी बरीच वर्षं शिकवत आले. अण्णांच्या नंतर ते फळ्यावर लिहिताना थोडं थांबावं लागतं.

दुसऱ्या जातीचा स्फटिक मला नदीनं दाखवला. नद्यांच्या जुन्या गाळावर काम करणारी माझी एक मैत्रीण घोडनदीच्या काठावर नमुने घ्यायला आली होती. पाण्यानं कापलेल्या उभ्या कडेत तिनं पोलादी पाइप हातोड्यानं ठोकून बसवला आणि बाहेर काढताक्षणी त्याची दोन्ही तोंडं काळ्या टेपनं बंद केली. आतल्या वाळूला उजेड दिसता कामा नये, म्हणाली. पुढं तिच्या प्रयोगशाळेत गेले तर दाराला पडदा, आत लाल दिवा आणि ॲसिडचा वास. माझ्या मानेवरचे केस उभे राहिले.

वाळूतली गार म्हणजे क्वार्ट्झ. तिचा कण मातीखाली गाडला गेला की भोवतालच्या युरेनियम, थोरियम, पोटॅशियममधून आणि आकाशातून येणाऱ्या किरणांमधून त्याला वर्षानुवर्षं थोडी थोडी ऊर्जा मिळत राहते. इलेक्ट्रॉन सुटतात, कणातल्या खोटींमध्ये जाऊन अडकतात आणि साठत जातात. कण काळोखात आहे तोवर हे चालूच. ऊन लागलं की काही सेकंदांत, मिनिटांत सगळे सुटतात आणि हिशेब शून्यावर येतो. म्हणून त्या कणानं शेवटचं ऊन कधी पाहिलं, ते त्याच्यातून वाचता येतं. साठलेली ऊर्जा मोजायची, दरवर्षी किती मिळत होती त्यानं भागायची. उत्तर येतं ते वर्षांत. प्रकाश टाकून गाळाचं वय वाचायची ही रीत डेव्हिड हंटली आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1985 साली मांडली. मडकं भट्टीत भाजतानाही असंच होतं. त्या धगीनं मातीतल्या गारेच्या कणांची पाटी कोरी होते आणि मडकं थंड झालं की मोजणी नव्यानं सुरू होते.

मैत्रिणीनं यंत्रात चिमूटभर कण ठेवले आणि त्यांच्यावर निळा प्रकाश सोडला. कणांनी उलट दिलेला प्रकाश डोळ्यांना दिसत नाही, यंत्र तो मोजतं. पडद्यावर एक रेघ उंच उठली आणि झपाट्यानं उतरत जवळपास तळाला आली. "झालं," ती म्हणाली. "म्हणजे?" "म्हणजे वाचून झालं. याच्यात आता काही नाही."

अण्णांची विधवा कंदिलापुढे मणी धरून बसलेली मला दिसली. अण्णा तेव्हा होते. रात्री फोन करून मी त्यांना सगळं सांगितलं: तुमचा मणी खरा आहे, आपल्या नदीच्या वाळूत आहे. फिल्मच्या स्फटिकात प्रकाश लिहितो, आणि हा दुसरा स्फटिक आहे त्यात काळोख लिहितो आणि प्रकाश पुसतो. ते म्हणाले, "मग तिनं काय करायचं?" मी म्हटलं, "गोष्ट तुमची आहे." पलीकडून फक्त हसू आलं.

आमच्या तालुक्यात, घोडनदीच्याच काठी, इनामगाव आहे. पुण्याच्या डेक्कन कॉलेजनं तिथं 1968 ते 1983 या काळात उत्खनन केलं. सांकलिया, ढवळीकर, अन्सारी यांच्या नावांनी ते ओळखलं जातं. इसवी सनापूर्वी साधारण 1600 ते 700 या काळात तिथं शेतकऱ्यांची वस्ती होती. लहान मूल गेलं की ते लोक त्याला दोन मडक्यांत ठेवायचे, मडकी तोंडाला तोंड लावून आडवी करायचे आणि घराच्याच जमिनीखाली पुरायचे. मोठ्या माणसांना पुरताना त्यांची पावलं घोट्यापासून तोडलेली आढळतात. गेलेला माणूस उठून चालू लागू नये, भूत होऊन भटकू नये म्हणून, असा अर्थ संशोधकांनी लावला. अण्णा तरुणपणी ते खोदकाम पाहून आले होते. त्यांचं मत निराळं होतं. "भीती कसली? जाऊ नये म्हणून तोडले असतील पाय." शास्त्राच्या बाजूनं मी तेव्हा त्यांच्याशी वाद घातला. आता नुसतं एवढंच मनात येतं की पोटच्या पोराला चुलीजवळच्या जमिनीत ठेवून त्यावर रोज सारवण घालणारी ती आई, तिला कुठल्या मण्याची गरज होती?

अण्णा गेले आणि दहाव्याला फोटो हवा होता. फोटोग्राफरच्या घरात फोटोग्राफरचा फोटो नसतो. तो कायम कॅमेऱ्यामागे. शोधाशोध करून एका चुलतभावाच्या लग्नातला ग्रुप फोटो मिळाला. मी तो पिशवीत घालून नेला आणि गर्दीतल्या एकावर बोट ठेवलं. दुकानातल्या मुलानं स्कॅन करून कॉम्प्युटरवर अण्णांना बाजूला काढलं. अण्णांना ज्याला अख्खी दुपार लागायची, ते पाच-दहा मिनिटांत झालं. खांद्यावर चार बोटं होती. मुलानं माऊस तिकडे नेला. मी म्हटलं, "राहू द्या." कुणाचा हात तो, आईला आठवत नाही, काकाला आठवत नाही, मूळ फोटोत त्या जागी मागचा माणूस फेट्यांच्या गर्दीत हरवलाय. आता अण्णा दिवाणखान्यात हार घालून बसलेले आहेत आणि कुणा अनोळख्याचा हात त्यांच्या खांद्यावर आहे. नवीन पाहुणा हमखास विचारतो. आई सांगते, "गिऱ्हाईक असेल एखादं. उधारी राहिलेलं."

डार्करूम रिकामी करताना निगेटिव्हचे खोके निघाले. काहींतून आंबूस वास येत होता. जुनी ॲसिटेट फिल्म कुजायला लागली की तिच्यातून ॲसिटिक ॲसिड सुटतं, हे मला माहीत होतं. तरी त्या वासानं क्षणभर वाटलं, मधला ट्रे कुणीतरी नुकताच भरून ठेवलाय. खोके मी घरी आणलेत. नावं आणि तारखा अण्णांच्या रजिस्टरात आहेत. लोक येतात, आपापली मागून नेतात.

आता जे लिहायचं टाळत होते ते. अण्णांना स्ट्रोक झाला तेव्हा त्यांची भाषा बरीचशी गेली होती. पुण्यातल्या हॉस्पिटलात शेवटच्या एका रात्री त्यांच्याजवळ मी एकटीच होते. मॉनिटरवर एक छोटा लाल दिवा होता आणि कॉरिडॉरचा पांढरा उजेड दारातून आत येत होता. अण्णांनी डोळे उघडले, दिव्याकडे पाहिलं, मग दाराकडे, आणि चक्क स्पष्ट म्हणाले, "दार लाव. पेपर उघडा आहे." मी उठले, दार लावलं आणि पडदा ओढला. त्यानंतर मला समजेल असं ते काही बोलले नाहीत.

हे मी कुणालाच सांगितलं नव्हतं. सांगितलेल्या आठवणीचं काय होतं ते मी दहाव्याच्या दिवशीच पाहिलं होतं. अण्णांनी एका पुढाऱ्याला "साहेब, हनुवटी खाली" म्हटल्याची हकिगत तिथं तीन जणांनी सांगितली. पहिल्याच्या हकिगतीत तो झेडपीचा मेंबर होता, तिसऱ्यापर्यंत त्याचा मंत्री झाला. हशा मिळत गेला आणि अण्णांचा आवाज तिच्यातून निघून गेला. म्हणून हे दोन वाक्यांचं बोलणं मी उजेडाला येऊ दिलं नाही. इनामगावच्या त्या माणसांसारखं घरातच पुरून ठेवलं, पाय तोडून.

मध्यंतरी मैत्रीण भेटली. तिच्या कपाटात काही पाइप तसेच पडून आहेत, प्रकल्प संपला, मोजायचे राहून गेले. मी म्हटलं, बरंच झालं, त्यांच्यात सगळं शाबूत आहे. ती म्हणाली, "कुणासाठी? पाइपात राहिली तर ती नुसती वाळू. मी कण रिकामा करते तेव्हा नदी इथून कधी वाहत होती ते तरी कळतं."

मला वाटतं, अण्णा शेवट बदलत राहिले ते यामुळेच. मणी न पाहता म्हातारी झालेली बाई त्यांना पटत नव्हती आणि पाहून रिकामी झालेली बाईही सोसवत नव्हती. माझ्यापुरता मी एक शेवट धरलाय. ती पाहते, आणि मणी काच झाला तरी काय पाहिलं ते आता तिला ठाऊक असतं आणि दुसऱ्याला सांगता येतं. सांगताना त्यातलं थोडं तिचं होत जाणार, नवऱ्याचं कमी होत जाणार, हेही तिनं धरून चालायचं. त्या रात्रीचा अण्णांचा आवाज हे लिहिताना मला आधीइतका नेमका ऐकू आला नाही. तो या ओळींत गेला असावा, किंवा खर्च झाला असावा. दोन्ही चालेल.

हे छापून येण्याआधी आईला सांगायला हवं. ती काय म्हणेल, ते मला आत्ताच ठाऊक आहे. म्हणेल, "बघ! मरतानासुद्धा मला आत येऊ दिलं नाही."